जप्तीचा हुकूम आणि देवाचा पैसा
(वार्षिक महाजन-मेळाव्यात दिलेल्या व्याख्यानाचा मसुदा)



श्रींच्या प्रांगणात बोलावयास उभे राहण्याचा मान मला दिलात, याबद्दल मी आपणा सर्वांचा ऋणी आहे. या व्यासपीठावरून आजवर विद्वानांनी पुराण, कीर्तनपरंपरा, देवालयाचा इतिहास अशा रसाळ विषयांवर विवेचन केले. माझ्या वाट्याला मात्र रूक्ष विषय आला आहे. मी वकिलीचा व्यवसाय करणारा मनुष्य. चिटणिसांनी मला विषय सुचविला तो असा: दिवाणी हुकूमनाम्याच्या बजावणीत न्यायालयाने पैसा जप्त केला, तर त्याविरुद्ध काय करता येते? विषय ऐकून काहींच्या कपाळावर आठी पडली असेल. पण ज्यांना तो प्रसंग आठवतो, त्यांना हा विषय रूक्ष वाटणार नाही. तो प्रसंग आपल्याच घरातला आहे, म्हणून त्यापासूनच आरंभ करतो.

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. जत्रोत्सव नऊ दिवसांवर आला होता. मंडप घालणाऱ्याला विसार द्यावयाचा होता, वाजंत्र्यांचे ठरले होते, महाप्रसादाच्या धान्याची यादी दुकानदाराकडे गेली होती. तेव्हाचे आपले खजिनदार धनादेश घेऊन बँकेत गेले, आणि रिकाम्या हातांनी परत आले. खात्यावर जप्ती आल्याचे तेथे त्यांना सांगण्यात आले होते. खजिनदारांनी एका नातलगाच्या धंद्याच्या कर्जाला जामीन राहून सही दिली होती. नातलगाचा धंदा बुडाला, धनकोने दावा लावला, हुकूमनामा झाला आणि दरखास्तीत खजिनदारांची खाती जप्त करण्याचा हुकूम निघाला. उत्सवाचे आपले खाते त्या काळी, जुन्या पद्धतीप्रमाणे, खजिनदार आणि अध्यक्ष यांच्या व्यक्तिगत नावांवर होते. खात्याच्या शीर्षकात संस्थानाचे नाव नव्हते. धनकोला ते खाते खजिनदारांचेच वाटले, यात नवल ते काय?

त्या रात्री अग्रशाळेत बैठक भरली. खजिनदार कोपऱ्यात मान खाली घालून बसले होते. कोणी म्हणाले, "यांनी घर विकून पैसा भरावा." कोणी म्हणाले, "मंत्र्याकडे जाऊ या." एका उत्साही तरुणाने तर दुसऱ्या बँकेतील कायम ठेव जप्ती पोहोचण्यापूर्वीच मोडून कोणाच्या तरी घरी ठेवावी, असेही सुचविले. सर्वांच्या मनात भय होते आणि त्याहून अधिक लाज होती. देवाच्या पैशावर जप्ती आली ही वार्ता गावोगावी पोहोचेल, याची ती लाज होती. मी तेथे होतो. मी एवढेच म्हणालो की हुकूमाला उत्तर कायद्यातच आहे, मात्र ते वेळेत आणि खरे दिले पाहिजे. आजचे माझे व्याख्यान हे त्याच एका वाक्याचे स्पष्टीकरण आहे.

प्रथम जप्ती म्हणजे काय ते पाहू. दावा जिंकला म्हणजे पैसा मिळाला, असा सामान्य माणसाचा समज असतो. वस्तुस्थिती तशी नाही. हिंदुस्थानातील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यानंतर सुरू होतात, असा अभिप्राय प्रिव्ही कौन्सिलने 1872 मध्येच नोंदविला होता. हुकूमनामा हा कागद असतो. ऋणकोने आपण होऊन पैसा भरला नाही, तर धनकोला पुन्हा न्यायालयात दरखास्त दाखल करावी लागते. त्यासाठी कायद्याने बारा वर्षांची मुदत दिलेली आहे. अशा दरखास्ती वर्षानुवर्षे रेंगाळतात हे पाहून, त्या दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढाव्यात, असे निर्देश सर्वोच्च न्यायालयाने 2021 साली दिले. म्हणजे धनकोची बाजूही विसरून चालणार नाही. ज्याचे येणे आहे तोही कोणाच्या तरी घरचा कर्ता पुरुष असतो. जप्ती हा ऋणकोवरचा सूड नव्हे. न्यायालयाने दिलेला शब्द खरा करण्याचे ते साधन आहे. परंतु हे साधन चुकीच्या माणसाच्या किंवा चुकीच्या पैशाच्या गळ्याला लागले, तर ते सोडविण्याची वाटही त्याच कायद्याने ठेवलेली आहे.

हा कायदा म्हणजे 1908 ची दिवाणी प्रक्रिया संहिता. आपल्या गोव्यात ती मुक्तीनंतर लगेच आली नाही. पोर्तुगीज अमदानीतील प्रक्रियाच काही वर्षे चालू होती. संसदेच्या 1965 च्या अधिनियमाने ही संहिता येथे लागू करण्यात आली आणि 1966 च्या जून महिन्यापासून ती अमलात आली. उलट आपल्या महाजनी संस्था अजूनही 1933 च्या पोर्तुगीजकालीन नियमावलीच्या छायेत चालतात. मामलेदार हा देवस्थानांचा प्रशासक, आणि अध्यक्ष, मुखत्यार, खजिनदार हे आपण निवडून दिलेले पदाधिकारी. एका हातात लिस्बनकडची नियमावली आणि दुसऱ्या हातात कलकत्त्याकडची संहिता, अशी आपली स्थिती आहे. दोन्ही नीट वाचाव्या लागतात.

बँकेतील पैसा जप्त होतो म्हणजे नेमके काय होते? बेलिफ येऊन नोटा उचलून नेत नाही. खात्यातील शिल्लक हे कायद्याच्या भाषेत बँकेने खातेदाराला देणे असलेले कर्ज असते. संहितेच्या एकविसाव्या आदेशातील 46 व्या नियमान्वये न्यायालय लेखी मनाई हुकूम काढते. बँकेने ती रक्कम खातेदाराला देऊ नये आणि खातेदाराने ती घेऊ नये, इतकाच त्याचा अर्थ. पुढची पायरी 46-अ व त्यापुढील नियमांची. हे नियम 1976 च्या दुरुस्तीने आले आणि 1 फेब्रुवारी 1977 पासून अमलात आहेत. त्यानुसार धनको प्रतिज्ञापत्रासह अर्ज करतो, आणि ज्याच्याकडे ऋणकोचे येणे आहे अशा तिऱ्हाइताला, येथे बँकेला, नोटीस निघते: रक्कम न्यायालयात भरा किंवा का भरू नये याचे कारण दाखवा. हे 'किंवा' फार महत्त्वाचे आहे. रक्कम दुसऱ्या कोणाची आहे किंवा तिच्यावर दुसऱ्याचा बोजा आहे असे दिसले, तर न्यायालय त्या दुसऱ्यालाही बोलावून घेते. देण्याबद्दलच वाद निघाला, तर दाव्यातील मुद्द्याप्रमाणे त्याची चौकशी होते. परंतु कोणी काही बोललेच नाही, बँकेने रक्कम न्यायालयात भरली आणि ती धनकोला मिळून गेली, तर बँकेची जबाबदारी संपते. मग पैशाच्या खऱ्या मालकाला लांबची वाट धरावी लागते. म्हणून जप्ती कळल्याचा दिवस आणि रक्कम धनकोच्या हाती पडण्याचा दिवस या दोहोंमधला काळ हाच आपला काळ होय. त्या रात्री आमच्या हाती तोच काळ होता.

आता मुख्य प्रश्न: पैसा कोणाचा? संहितेचे कलम 60 म्हणते की ऋणकोच्या मालकीची मालमत्ता जप्त होऊ शकते. तसेच जिच्यावर किंवा जिच्या उत्पन्नावर विल्हेवाटीचा अधिकार तो स्वतःच्या हितासाठी वापरू शकतो, अशी मालमत्ताही जप्त होऊ शकते. 'स्वतःच्या हितासाठी' या शब्दांतच आपला सारा बचाव आहे. खजिनदार धनादेशावर सही करतो म्हणजे त्याला विल्हेवाटीचा अधिकार आहे, हे खरे. पण तो अधिकार कोणासाठी? नंदादीपाच्या तेलासाठी, पुजाऱ्यांच्या वेतनासाठी, जत्रेच्या खर्चासाठी. त्या पैशातून स्वतःच्या मुलीचे लग्न करण्याचा अधिकार त्याला नाही. म्हणून तो पैसा त्याच्या कर्जासाठी जप्त होऊ शकत नाही. हिंदू देवता ही कायद्याच्या दृष्टीने व्यक्ती आहे, तिच्या नावे मालमत्ता असू शकते व ती न्यायालयात दाद मागू शकते, हे तत्त्व आपल्या न्यायालयांनी दीर्घकाळ मान्य केलेले आहे. प्रिव्ही कौन्सिलच्या 1925 च्या एका प्रसिद्ध निवाड्यात त्याचा सविस्तर ऊहापोह आहे. आपण भक्तीने म्हणतो की देव मालक, आम्ही सेवक. विशेष हे की कायदाही जवळजवळ तेच म्हणतो.

हे न्यायालयापुढे मांडण्याचे दार म्हणजे एकविसाव्या आदेशाचा 58 वा नियम. जप्त झालेली मालमत्ता ऋणकोची नाही, किंवा ती जप्तीस पात्र नाही, अशी हरकत येथे घेता येते. 1976 पूर्वी अशा हरकतीची चौकशी वरवरची असे आणि खरा निर्णय वेगळ्या दाव्यात होई. आता दरखास्त चालविणारे न्यायालयच हक्काचा, मालकीचा प्रश्न पूर्णपणे ठरविते आणि त्याच्या निर्णयाला हुकूमनाम्याचे बळ असते. त्यावर अपील करता येते. मात्र दोन अटी ध्यानात ठेवाव्या. मालमत्तेची विक्री होऊन गेल्यावर हरकत चालत नाही. तसेच हरकत मुद्दाम किंवा निष्कारण उशिरा आणली असे न्यायालयास वाटले, तर ती ऐकूनही घेतली जात नाही. "जत्रा होऊन जाऊ दे, मग पाहू" असे म्हणणाऱ्या सज्जनांना मी त्या रात्री हीच दुसरी अट वाचून दाखविली.

अर्ज लिहिताना आमच्याकडून पहिली चूक झाली ती सांगतो. पहिला मसुदा खजिनदारांच्या नावाने तयार झाला होता. तो मी फाडला. ऋणको स्वतःच 'हा पैसा माझा नाही' म्हणतो, तेव्हा न्यायाधीशाच्या मनात संशय येणे स्वाभाविक आहे. दुसरा मसुदा देवाच्या नावाने, संस्थानाच्या मुखत्यारामार्फत, महाजनांच्या ठरावासह केला. त्यासोबत काय काय जोडले? खाते उघडण्याचा ठराव असलेले सभेचे इतिवृत्त, तीन वर्षांची रोजकीर्द व खतावणी, पावतीपुस्तकांची स्थळप्रत, बँकेचे उतारे, आणि मंजूर झालेले अंदाजपत्रक. प्रत्येक भरण्यासमोर पावतीचा क्रमांक आणि प्रत्येक धनादेशासमोर खर्चाची पावती मांडून दाखविली. आपल्या जुन्या कारकुनाचे वळणदार अक्षर त्या दिवशी आमच्या दहा युक्तिवादांपेक्षा मोलाचे ठरले.

आणि त्या हिशेबातच एक काटा सापडला. आदल्या वर्षी पालखीच्या दुरुस्तीचे बिल आले, तेव्हा खात्यात पुरेशी शिल्लक नव्हती. खजिनदारांनी स्वतःच्या खिशातून अठरा हजार रुपये खात्यात भरले होते आणि ते अद्याप परत घेतले नव्हते. म्हणजे संस्थान खजिनदारांचे अठरा हजारांचे देणेकरी होते. आता विचार करा. खाते देवाचे आहे, ही गोष्ट खरी. परंतु देवाकडे खजिनदारांचे जे येणे आहे ते खजिनदारांचे आहे, आणि ते येणे मात्र 46 व्या नियमाखाली जप्त होऊ शकते. समितीत पुन्हा दोन तट पडले. एक बाजू म्हणाली, "ही नोंद कशाला दाखवावयाची? ती देणगी होती असे लिहू. खजिनदार काही हरकत घेणार नाहीत." खरोखर, खजिनदारांच्या हिताचेच ते होते असे वरवर दिसत होते.

त्या वेळी कोपऱ्यात बसलेले खजिनदार प्रथमच बोलले. ते म्हणाले, "मी सही दिली ती चूक माझी. देवाच्या दफ्तरात खोटी नोंद झाली तर ती चूक देवाच्या माथी जाईल. लिहा, माझे अठरा हजार देणे आहे म्हणून." एवढे बोलून ते पुन्हा गप्प बसले. सभेत बराच वेळ कोणी काही बोलले नाही.

आम्ही तसे लिहिले. प्रतिज्ञापत्राच्या शेवटच्या परिच्छेदात संस्थानाने कबूल केले की खात्यातील सर्व रक्कम श्रींची आहे, परंतु ऋणकोचे अठरा हजार रुपये संस्थानाकडून येणे आहेत आणि ते न्यायालय सांगेल तेथे भरण्यास संस्थान तयार आहे. धनकोच्या वकिलांनी आमच्या रोजकीर्दीची पाने उलटून पाहिली. ती नोंद त्यांनाही सापडली असतीच. पण ती आम्ही आधीच सांगितली होती. त्यामुळे उरलेल्या सर्व नोंदी खऱ्या आहेत हे त्यांनाही मान्य करावे लागले. जत्रेच्या दोन दिवस आधी खात्यावरील जप्ती उठली. अठरा हजार रुपये आम्ही न्यायालयात भरले. बंधुभगिनींनो, मी इतकी वर्षे वकिली केली, परंतु खरे बोलणे हाच सर्वांत उत्तम बचाव असल्याचा इतका रोकडा प्रत्यय मला क्वचितच आला.

हे झाले देवाच्या पैशाचे. आता आपल्या स्वतःच्या पैशाकडे वळू, कारण आपल्यापैकी कोणावरही असा प्रसंग येऊ शकतो. हुकूमनामा खरा आहे आणि पैसाही आपलाच आहे, तरीही सर्व काही जप्त करता येत नाही. माणसाने कर्ज फेडावे, पण त्यापायी त्याने उपाशी मरावे असा कायद्याचा हेतू नाही. कलम 60 मध्ये सूट दिलेल्या गोष्टींची यादी आहे. अंगावरचे आवश्यक कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, धार्मिक रूढीने जे दागिने स्त्री अंगावेगळे करू शकत नाही ते, कारागिराची हत्यारे, शेतकऱ्याची अवजारे व बी-बियाणे, मजुराची व घरगड्याची मजुरी, ही सर्व त्यात येतात. सक्तीच्या भविष्य निर्वाह निधीतील रक्कम, सार्वजनिक भविष्य निर्वाह निधीतील ठेव, ऋणकोच्या आयुर्विम्याचे येणे यांनाही संरक्षण आहे. व्यक्तिगत सेवेचा हक्क जप्त होत नाही. देवळातील सेवेकऱ्यांनी हे विशेष ध्यानात ठेवावे.

पगाराचा हिशेब वेगळा. नेहमीच्या हुकूमनाम्यात पहिले एक हजार रुपये आणि उरलेल्या पगाराचे दोन तृतीयांश सुरक्षित असतात. सूट मिळालेले भत्ते वजा जाता एखाद्याचा पगार 31,000 रुपये असेल, तर एक हजार बाजूला काढावे, उरलेल्या तीस हजारांपैकी वीस हजारही सोडावे. जप्त होऊ शकतात ते फक्त दहा हजार. अशी जप्ती एकूण चोवीस महिने चालली, तर पुढचे बारा महिने तो भाग मोकळा राहतो. आणि ती एकाच हुकूमनाम्यासाठी झालेली असेल, तर त्या हुकूमनाम्यापुरता तो भाग कायमचा सुटतो. पोटगीच्या हुकूमनाम्याला मात्र ही सवलत नाही. तेथे पगाराचा केवळ एक तृतीयांश भाग सुरक्षित असतो, आणि ते योग्यच आहे, कारण पोटगी मागणारी पत्नी व मुले ही परकी धनको नव्हेत.

निवृत्तिवेतनाविषयी आपल्यातील वडीलधाऱ्या मंडळींना नेहमी शंका असते. निवृत्तिवेतन व उपदान यांना कलम 60 चे संरक्षण आहे, परंतु ते बँकेत जमा झाल्यावर काय? पैसा हाती पडला की त्याचे संरक्षण संपते, असे पूर्वी मानले जाई. 2008 साली सर्वोच्च न्यायालयाने एका निवृत्त कर्मचाऱ्याच्या प्रकरणात स्पष्ट केले की निवृत्तीनंतर मिळालेली ती रक्कम कायम ठेवीत गुंतविली म्हणून तिचे मूळ स्वरूप बदलत नाही. तेव्हा ज्यांचे निवृत्तिवेतन जप्त खात्यात अडकले असेल, त्यांनी बँकेशी वाद घालत बसू नये. रक्कम कोठून आली हे दाखविणारा बँकेचा उतारा आणि निवृत्तिवेतनाचा आदेश घेऊन न्यायालयात अर्ज करावा. याच कारणासाठी निवृत्तिवेतनाच्या खात्यात घरभाडे, शेतीचे उत्पन्न, मुलाने पाठविलेले पैसे यांची भेसळ करू नये. आणखी एक गोष्ट. 'मी ही सूट मागणार नाही' असे कोणी कर्जाच्या कागदावर लिहून घेतले असेल, तर त्या लिखाणाला कायद्यात किंमत नाही. संहितेनेच ते निरर्थक ठरविले आहे.

संयुक्त खात्याचा प्रश्नही गोव्यात वारंवार येतो. दोन नावांच्या खात्यावर एकाच्या कर्जासाठी जप्ती आली, तर दुसऱ्याने आपला वाटा किती व तो कोठून आला हे दाखवून हरकत घ्यावी. आपल्याकडे समाईक मालमत्तेच्या पद्धतीने झालेल्या विवाहात पत्नीचा अर्धा हिस्सा कायद्याने तिचा असतो. तेव्हा पतीने कर्ज काढले ते कोणाच्या हितासाठी, घरासाठी की तिच्या नकळत भलत्याच कामासाठी, हा प्रश्न तेथे कळीचा ठरतो. घरच्या स्त्रियांनी हे जाणून घ्यावे. कागद समोर आला आणि सही करा म्हटले की सही करणे, हा पातिव्रत्याचा भाग नव्हे.

आता कोणी विचारील, हुकूमनामाच चुकीचा असेल तर? दरखास्त चालविणारे न्यायालय हुकूमनाम्याच्या मागे जाऊन मूळ वाद पुन्हा तपासत नाही. हे न समजल्यामुळे कित्येक जण तेथे व्यर्थ भांडत बसतात. समन्सच पोहोचले नाही आणि एकतर्फी हुकूमनामा झाला असेल, तर तो रद्द करण्याचा अर्ज ज्या न्यायालयाने तो दिला तेथे करावा. मुदत तीस दिवसांची. समन्स रीतसर बजावले गेले नसेल, तर हुकूमनामा कळल्या दिवसापासून ती मोजतात. निकाल चुकला असेल तर अपील करावे. पण नुसते अपील दाखल केल्याने बजावणी थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते, आणि पैशाच्या हुकूमनाम्यात बहुधा रक्कम भरण्याची किंवा जामीन देण्याची अट येते. पुढे हुकूमनामा फिरला, तर गेलेला पैसा परत मिळविण्याची तरतूद कलम 144 मध्ये आहे.

हुकूमनामा बरोबर आहे पण पैसा आपण आधीच फेडला आहे, अशी तक्रार असेल तर कलम 47 खाली तेच न्यायालय ती ऐकते. परंतु येथे फार मोठा खळगा आहे. आपल्याकडे तडजोड देवासमोर नारळ ठेवून होते. शब्दावर पैसा दिला जातो, घेतला जातो आणि लेखी काही होत नाही. कायदा असा की न्यायालयाबाहेर फेडलेल्या रकमेची नोंद न्यायालयात झाली पाहिजे. धनकोने ती केली नाही, तर ऋणकोने तीस दिवसांत अर्ज करून करून घेतली पाहिजे. नोंद नसलेली फेड दरखास्त चालविणारे न्यायालय मानीत नाही. देवासमोर नारळ अवश्य ठेवावा, पण दुसऱ्या दिवशी न्यायालयात नोंदही करावी. देवाला त्यात काही राग येणार नाही.

कधी कधी दाव्याचा निकाल लागण्यापूर्वीच जप्ती मागितली जाते. प्रतिवादी मालमत्ता लपवून किंवा हलवून हुकूमनामा निष्फळ करू पाहत आहे, हे त्यासाठी दाखवावे लागते. नुसते येणे आहे एवढे पुरत नाही. हा अधिकार अतिशय कठोर असून तो बिनतारण येणे सतारण करून घेण्यासाठी वापरू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 2007 मध्ये बजावले आहे. प्रतिवादीने पुरेसा जामीन दिला की अशी जप्ती उठते.

तर जप्ती आली असता काय करू नये? जप्त झालेला पैसा किंवा वस्तू गुपचूप दुसऱ्याच्या नावे करू नये. जप्तीनंतरचा तसा खाजगी व्यवहार धनकोविरुद्ध कलम 64 प्रमाणे निरर्थक असतो आणि न्यायालयाचा विश्वास मात्र कायमचा जातो. बँकेच्या कारकुनावर रागावू नये, तो हुकूमाचा ताबेदार आहे. हुकूमाची प्रत घ्यावी आणि त्यावर तीन गोष्टी पाहाव्या: कोणत्या दाव्यातील, कोणाविरुद्ध आणि किती रकमेचा. मूळ ऋणको वारला असून वारसांवर दरखास्त आली असेल, किंवा हुकूमनाम्याला दोन वर्षे होऊन गेली असतील, तर साधारणतः आधी नोटीस मिळावयास हवी. वारसाची जबाबदारीही मृताकडून हाती आलेल्या मालमत्तेपुरतीच असते. आणि प्रतिज्ञापत्रात एकही अक्षर खोटे लिहू नये.

आता संस्थानासाठी चार शब्द. त्या प्रसंगानंतर आपण जे नियम केले, ते इतर देवस्थानांनीही करावेत असे मला वाटते. खाते संस्थानाच्याच नावाने असावे. पदाधिकाऱ्यांची नावे फक्त सही करणारे म्हणून असावीत. नवी समिती आली की पहिल्या बैठकीतच सह्या बदलून घ्याव्या, कारण जुन्या खजिनदाराचे कर्ज कधी उभे राहील ते सांगता येत नाही. देवाच्या खात्यात कोणाचाही खाजगी पैसा, एक दिवसासाठीसुद्धा, जाऊ नये. पदाधिकाऱ्याने पदरमोड केली तर ती उसनवार की देणगी, हे त्याच दिवशी लिहून ठेवावे. आणि रोजकीर्द रोज लिहावी, तिला ते नाव त्यासाठीच दिलेले आहे.

शेवटी त्या खजिनदारांविषयी. त्यांनी पुढे हप्त्यांनी ते कर्ज फेडले. नातलगाला शिव्या दिल्या नाहीत, की धनकोचे तोंड चुकविले नाही. जप्ती उठल्यावर त्यांनी पदाचा राजीनामा आणून दिला होता. महाजनांच्या सभेने तो एकमताने परत केला. ज्या तरुणाने ठेव लपविण्याची सूचना केली होती, त्यानेच तो परत करण्याचा ठराव मांडला. त्या वर्षीची पालखी निघाली तेव्हा खजिनदार नेहमीप्रमाणे मागे, हिशेबाची वही काखेत धरून चालत होते.

न्यायालयाचा हुकूम हा भिण्याचा किंवा टाळण्याचा विषय नाही. तो वाचावा, समजून घ्यावा आणि त्याला खरे उत्तर द्यावे. आपल्या दफ्तरातील प्रत्येक नोंद तशी खरी राहो, एवढीच श्रींच्या चरणी प्रार्थना करून मी आपली रजा घेतो.